पणजीच्या बागेत गुलाबवाटिका?

गार्सिया द ओर्ता बागेत चंदीगडसारखी गुलाबवाटिका नाही हा निव्वळ पालिकेचा आळस, असं काहीजण म्हणतात. आळसाबद्दल वाद घालत नाही, पण खरी अडचण पावसाची आहे. गुलाबाच्या पानांवर काळे ठिपके पाडणाऱ्या बुरशीला पान सात-आठ तास ओलं मिळालं की पुरे, आणि आपल्याकडे जून ते सप्टेंबर पान सुकतंच कधी? आमच्या परसातल्या कलमांची पानं ठिपक्यांभोवती पिवळी पडून गळतात, चतुर्थीपर्यंत नुसत्या काटेरी काड्या उरतात. ऑक्टोबरात छाटणी करून शेणखत घातलं तर नाताळाच्या सुमारास फुलं. त्यातही कलमाच्या सांध्याखालून, मूळ खुंटातून येणारा जंगली फुटवा वेळीच खुडला नाही तर कलम गेलंच म्हणून समजा.

बागेला ज्याचं नाव आहे तो ओर्ता पेशाने वैद्य. इथल्या औषधी वनस्पतींवरचा त्याचा ग्रंथ १५६३ साली गोव्यातच छापला गेला. वाटिका करायचीच तर त्या ग्रंथातली झाडं लावा: मिरी, वेलची, आलं, जायफळ. पावसात निदान हिरवी तरी राहतील.