नकार पचवायला कुठे शिकवतात?

पाळी आणि शरीरातले बदल शाळेत सांगितले की पुरे, बाकीचं मुलं आपोआप शिकतात, असं बरेचजण म्हणतात, ते मला काही पटत नाही. आमच्या आठवीतल्या चिरंजिवांना त्या बदलांची यादी तोंडपाठ होती. पण वर्गातल्या मुलीनं 'मला सारखे मेसेज करू नकोस' म्हटल्यावर स्वारी दोन दिवस धड जेवली नाही. वर मित्रांनी भरीस घातलं म्हणून तिला आईच्या फोनवरून मेसेज!

ओरडायचं अगदी जिभेवर आलं होतं. पोळ्या लाटता लाटता एवढंच विचारलं, "नक्की काय वाटलं तुला? राग आला की लाज वाटली?" बराच वेळ गप्प. मग म्हणाला, "सगळे हसले, बाबा." म्हणजे दुखणं भलतंच होतं. आता सॉरी म्हणायलाही मेसेज करायचा नाही, हे गळी उतरवायला मात्र तासभर गेला.

र. धों. कर्व्यांनी १९२७ साली लैंगिक विषयांवर मोकळेपणानं लिहिणारं 'समाजस्वास्थ्य' मासिक काढलं आणि तरीही २००७ साली आपल्याच राज्यानं शाळांतल्या लैंगिक शिक्षणावर बंदी घातली, तेव्हा शाळेच्या भरवशावर किती राहायचं ते ठरवा. २०१४ पासूनच्या राष्ट्रीय किशोर स्वास्थ्य कार्यक्रमात १० ते १९ वयाच्या मुलामुलींचं मानसिक आरोग्यही येतं. त्यासाठी सरकारी रुग्णालयांत 'मैत्री क्लिनिक' असतात, चौकशी करा. आम्ही जाऊन आलो. समुपदेशक बाईंनी मला बाहेरच्या बाकावर बसवलं, ते फार बरं केलं.