मदत हवी आहे : साहेबांना खरं सांगणार कोण?

वाळूज एमआयडीसीतल्या सुटे भाग बनवणाऱ्या कारखान्यासाठी सल्ला हवाय. प्रॉडक्शन मॅनेजर कामात एक नंबर. पण सुपरवायझरनं डाय (मशीनवरचा साचा) बदलायचा वेळ वाचवायची युक्ती सांगितली की लगेच, "चांगलंय, पण त्यापेक्षा असं करा." युक्ती थोडीफार सुधारते, सांगणाऱ्याचा हुरूप मात्र जातो, पुढच्या मीटिंगला तो गप्प.

ठरलंय असं: साहेबांची ही एकच सवय सोडवायला धरायची, त्यांनी मध्ये तोंड घातलं की त्यांचे डब्यात 10 रुपये, महिन्यातून एकदा सहा जणांना विचारायचं, "पुढं काय बदलू?" मागचं उकरायचं नाही.

घोडं इथंच अडतं. "साहेब, एकदम बेस्ट!" यापलीकडं कुणी बोलत नाही. चिठ्ठ्यांवर अक्षर ओळखू येतं, एचआरनं विचारलं तर इन्क्रिमेंटची धास्ती. मग विचारायचं कुणी अन् कुठं?