मदत हवी आहे: रविवारच्या गर्दीत टेबलं सांभाळायची कशी? (नाशिक, मिसळीचं हॉटेल)

नमस्कार मंडळी,

त्र्यंबक रोडला आमचं घरचं मिसळीचं हॉटेल आहे. किचन आई आणि काका बघतात, बाहेरची बाजू माझ्याकडे. १४ टेबलं, ४ वेटर, टेबलं पुसायला एक मावशी. एरवी सगळं सुरळीत चालतं. रविवारी सकाळी साडेआठ वाजले की घडी विस्कटते ती थेट साडेअकरापर्यंत.

मिसळीत प्लेट ठेवली की काम संपत नाही, तिथून ते सुरू होतं. रस्सा, पाव, कांदा, लिंबू, परत रस्सा. एकाला तिखट, दुसऱ्याला मध्यम, लहान पोराला दही घालून. गेल्या रविवारी खिडकीजवळच्या सहा जणांच्या टेबलासाठी आमचा एक मुलगा कांदा आणायला आत गेला, येतो तोवर लिंबू मागितलं, ते देतो तोवर पाव संपले. तीन खेपा, तिन्ही वेळा एक हात रिकामा. तेवढ्यात शेजारच्या टेबलावरचे आजोबा पाण्यासाठी हात वर करून बसलेले, आणि त्यांच्याकडे कोणाचंच लक्ष नाही.

मुलं कष्टाळू आहेत. सुरगाणा, पेठ, हरसूलकडची आहेत, गिऱ्हाइकाशी बोलायला बुजतात. कोणी चुटकी वाजवून "ए पोऱ्या" म्हणालं की आणखीच गोंधळतात. मला ते बघवत नाही. त्यांना ओरडून काम सुधारणार नाही हे मला पक्कं ठाऊक आहे, म्हणून इथे विचारतेय.

टेबलं वाटून द्यावीत की सगळ्यांनी सगळीकडे बघावं? नव्या मुलाला आधी काय शिकवावं? आणि बिलात ५ टक्के सर्व्हिस चार्ज लावून तो मुलांत वाटावा असं काकांच्या मनात आहे, ते चालतं का?

जुना कॅप्टन:
ताई, सगळ्यांनी सगळीकडे बघायचं म्हणजे कोणीच कुठे बघायचं नाही. टेबलं वाटूनच द्या, पण चौघांत नको. तिघांना ५, ५ आणि ४ अशी द्या. मोठी टेबलं असलेल्याला चारच. चौथ्याला एकही टेबल देऊ नका. त्याच्या एका हातात रस्सा, दुसऱ्या हातात पावाची टोपली, आणि कोणी बोलवायची वाट न बघता त्याने हॉलभर फिरत राहायचं, पंगतीत वाढपी फिरतो तसं. तुमच्या निम्म्या हाका तिथेच बंद होतील. रस्सा उकळता असतो, म्हणून बसलेल्यांच्या डोक्यावरून भांडं न्यायचं नाही आणि वाढण्याआधी "गरम आहे, सांभाळून" म्हणायचंच. लहान मूल असेल त्या बाजूने कधीही वाढू नये.

कांदा-लिंबाची वाटी न मागता पहिल्या प्लेटबरोबरच जाऊ द्या. आत जाताना उष्टी भांडी, बाहेर येताना भरलेला ट्रे. रिकाम्या हाताने किचनचं दार ओलांडायचं नाही, नव्या मुलाला सगळ्यात आधी हे शिकवा.

मग खुर्च्यांना नंबर द्या. प्रत्येक टेबलाची किचनकडची खुर्ची १, तिथून घड्याळाच्या काट्यांप्रमाणे पुढे. केओटीवर, म्हणजे किचनला जाणाऱ्या ऑर्डरच्या चिठ्ठीवर, लिहायचं: टेबल ७, खुर्ची १ तिखट, २ मध्यम, ३ दही. म्हणजे प्लेट कोणीही नेली तरी "तिखट कोणाची?" असं विचारत उभं राहावं लागत नाही. ऑर्डर घेतल्यावर ती मोठ्याने परत म्हणून दाखवायची. बुजणाऱ्या पोरांना हे फार बरं पडतं, कारण बोलायचं काय ते ठरलेलं असतं. शेंगदाणे कशात आहेत, कांदा-लसूण नसलेलं काय मिळेल, ही उत्तरंही पाठ हवीत. तिथे अंदाजाने "चालेल" म्हणणं धोक्याचं.

तुम्ही स्वतः गल्ल्यावर बसू नका, दारात उभ्या राहा. वेटिंगची वही तुमच्याकडे. एकाच मुलाच्या दोन टेबलांवर एकदम माणसं बसवली तर तो पुढचा अर्धा तास मागेच पडतो. थोडं अंतर ठेवून बसवा. चुटकी वाजवणाऱ्याच्या टेबलावर तुम्हीच जायचं आणि "मी बघते, काय हवंय?" म्हणायचं. भांडू नका, पण मुलाला तिथे एकटं उभं ठेवू नका.

सिडकोकर:
गिऱ्हाईक म्हणून सांगतो, उशीर झाला तरी आम्ही थांबतो. बसल्याबसल्या पाणी आलं आणि "दोन मिनिटांत येतो" असं कोणी नजरेला नजर देऊन म्हटलं की माणूस निवांत होतो. आपल्याकडे कोणी बघतच नाही याचा राग येतो.

ग्राहक मंच:
सर्व्हिस चार्ज आपोआप बिलात धरता येत नाही. केंद्रीय ग्राहक संरक्षण प्राधिकरणाची ४ जुलै २०२२ ची मार्गदर्शक तत्त्वं आहेत: दुसऱ्या नावानेही लावता येत नाही, सक्ती करता येत नाही. दिल्ली उच्च न्यायालयाने मार्च २०२५ मध्ये ती कायम ठेवली. ग्राहक १९१५ वर तक्रार करू शकतो. मुलांना जास्त द्यायचं असेल तर पगारात द्या आणि भाव तसे ठेवा. टीप गिऱ्हाइकाने खुशीने दिली तर प्रश्नच नाही.

धागाकर्ती:
सगळ्यांचे मनापासून आभार. काकांना हे वाचून दाखवलं, सर्व्हिस चार्जचा विषय संपला. पण हल्ली लोक टीपही क्यूआरवरच देतात आणि ती हॉटेलच्या खात्यात येते. ती कशी वाटायची? शिवाय श्रावणी सोमवारी त्र्यंबकेश्वराला जाणारी गर्दी असते, बहुतेकांना उपवासाचंच हवं असतं. त्या दिवशी रस्सा फिरवायचा नसतो, मग चौथ्याला काय काम द्यावं?

जुना कॅप्टन:
टीपेची वेगळी वही ठेवा, रोजची रक्कम त्यात लिहा आणि आठवड्याला सगळ्यांसमोर वाटा. मावशींचा आणि भांडी घासणाऱ्याचा वाटा त्यात हवाच.

सोमवारी चौथ्याला मावशींबरोबर टेबलं उचलायला लावा. खिचडीची प्लेट एकदाच जाते, माणसं भरभर उठतात, त्यामुळे त्या दिवशी खोळंबा वाढण्यात होत नाही, टेबल साफ होण्यात होतो. एकट्या मावशींना ते झेपणार नाही.