मदत हवी आहे : उलटा म्हणता येईल असा अभंग

नमस्कार मंडळी. तान्ह्या पोळ्याला गावात एकांकिका बसवतोय. नायक काल्पनिक आहे, झडत्या (पोळ्याला म्हणायच्या तुकबंद्या) रचणारा एक म्हातारा कवी. त्यानं कडवं उलटं म्हटलं की काळ मागं फिरतो. तुटलेलं तोरण पुन्हा ताणलं जातं, बैल उलट्या पावली गोठ्यात.

साध्या झडतीत हे जमलं : "पेरलं थे उगवलं, उगवलं थे येचलं, येचलं थे इकलं." शेवटून म्हणा, कापूस बाजारातून थेट सरकीत परततो! पण दुसऱ्यांदा हीच युक्ती लोकांना आधीच कळते. म्हणून शेवटच्या प्रसंगाला अभंग हवा.

मोठ्या अभंगात ६-६-६-४ अक्षरं. चरणांचा क्रम उलटवला तरी दुसऱ्या-तिसऱ्याचं यमक शाबूत राहतं (हे मात्र झकास निघालं), पण चार अक्षरांचा चरण आधी येतो आणि आमचा टाळकरी अडखळतो. ८-८ चा छोटा अभंग करून पाहिला. चाल टिकते, पण काही उलटलं असं वाटतच नाही.

अक्षरगणवृत्तं सुचवू नका, म्हणणारे सगळे शेतातून येणारे, लघु-गुरू पाठ करून घ्यायला वेळ नाही. पडदा नाही, प्रकाशयोजना नाही. मैदान, पेटी, टाळ आणि एक माईक. भाषा वऱ्हाडीच राहील.

तर ४-६-६-६ या क्रमात ठेका सावरायचा कसा? चार अक्षरांपुढं टाळाला जागा मोकळी सोडावी, शेवटचं अक्षर लांबवावं, की तो चरण दोनदा घ्यावा? भजनी मंडळात कुणी असं म्हणून पाहिलंय का?