मदत हवी आहे: 'थिया' म्हणजे नक्की काय? (तातडीचं)

रानजाई
भाचीचं बारसं रविवारी आहे. नाव 'थिया', ग्रीक आहे. दादा म्हणतो अर्थ 'देवी', नेटवर 'दृश्य' असंही दिसतंय. पाळण्यामागे लावायच्या फ्लेक्सवर नावाखाली अर्थ छापायचाय आणि दुकान सातला बंद होतं. आत्या मी, कानात नाव मीच सांगणार, त्यामुळे आई सकाळपासून अर्थासाठी माझ्याच मागे लागली आहे. जाणकारांनी लवकर सांगा.

नाशिककर_७
स्पेलिंग? टी-एच-ई-ए की टी-आय-ए?

पंचांगप्रेमी
'थ' हे उत्तराभाद्रपदाच्या दुसऱ्या चरणाचं अक्षर (दू, थ, झ, ञ). बाळाचं नक्षत्र कोणतं? जुळत नसेल तर नाव बदला, अजून वेळ आहे.

रानजाई
काका, नाव ठरलंय. फक्त अर्थ हवाय. स्पेलिंग टी-एच-ई-ए.

देवयानी_प
मग सोपं आहे. ग्रीक 'थेओस', लॅटिन 'देउस', आपला 'देव', सगळे एकाच मुळातले. 'देवी' छापून मोकळी हो.

मोडीलिपी
'थेआ' म्हणजे देवी हे बरोबर, पण 'थेओस' आणि 'देव' यांचं मूळ एक नाही. देव आणि देउस सख्खे, आणि त्यांच्या घरातला ग्रीक म्हणजे 'झेउस', वेदांमधला आकाशदेव द्यौस्. संस्कृत 'द' समोर ग्रीकमध्ये 'द'च येतो: दान, 'दोरॉन'. ग्रीक 'थ' समोर संस्कृतात 'ध' येतो: 'थुमोस', धूम. देव जर ग्रीकमध्ये असता तर 'थ'ने सुरू झालाच नसता.

देवयानी_प
अर्थ एक, उच्चार इतका जवळचा, आणि नातं नाही? आम्हाला कॉलेजात एकच शिकवलं होतं.

मोडीलिपी
उच्चार जवळचा असणं हा पुरावा होत नाही.

अथेन्समुक्कामी
रानजाई, आधी हे सांग, बाळाला हाक मारणारं कुणी ग्रीक आहे का? कारण इथे तीन शब्द आहेत. 'थेआ' म्हणताना शेवटच्या 'आ'वर जोर दिला तर देवी. 'थे'वर जोर दिला तर दृश्य, थिएटर त्याच धातूपासून. आणि तू लिहिलंस तसं 'थिया' म्हटलं तर आत्या! मावशी, काकू, सगळ्यांना तोच शब्द.

रानजाई
वहिनी ग्रीकच आहे ना, थेसालोनिकीची. तिचे आईबाबा परवाच आलेत. ती 'थे'वर जोर देते, म्हणजे 'दृश्य'? बाळाने रात्रभर जागवलं, म्हणून ती आत्ता झोपली आहे. उठवणार नाही.

पंचांगप्रेमी
परक्या भाषेतलं नाव घेऊन उद्या पत्रिकेत केंद्र आणि होरा कशी बघणार?

मोडीलिपी
काका, केंद्र म्हणजे ग्रीक 'केंत्रोन', जामित्र (पत्रिकेतलं सातवं घर) म्हणजे 'दियामेत्रोन'. होरा तर जशीच्या तशी ग्रीक.

पंचांगप्रेमी
होरा 'अहोरात्र'मधून आली. पुढचं-मागचं अक्षर गाळलं. वराहमिहिराने बृहज्जातकात लिहिलंय.

मोडीलिपी
'एके' म्हणजे काही लोक असं मानतात, असं लिहिलंय. त्याच ग्रंथात मेषेला 'क्रिय' आणि वृषभेला 'तावुरि' म्हटलंय. ते ग्रीक 'क्रिओस' आणि 'ताउरोस'. ज्याच्याकडून विद्या घेतली त्याचे शब्द त्याने ठेवले, त्यात कमीपणा काय?

नाशिककर_७
उलटही झालंय. आमच्या पांडवलेण्यातलं १७ नंबरचं लेणं एका यवनाने, म्हणजे ग्रीकाने, कोरवलं. त्याचं नाव इंद्राग्निदत्त, बापाचं धम्मदेव. शिलालेख आजही वाचता येतो. नाशिकला याल तेव्हा सकाळी जा, पायऱ्या चढताना ऊन लागत नाही.

अथेन्समुक्कामी
लेणी नंतर! वहिनी ग्रीक आहे हे पहिल्याच ओळीत हवं होतं. इथे मुलांना आजी-आजोबांची नावं ठेवायची पद्धत आहे. वहिनीच्या आईचं नाव काय?

रानजाई
दोरोथेआ. पण बाळाच्या नावाबद्दल त्या काही बोलल्या नाहीत.

अथेन्समुक्कामी
सुटलं की मग! दोरॉन म्हणजे देणगी, थेओस म्हणजे देव. दोरोथेआ, देवाची देणगी. त्यात जोर 'थे'वरच असतो, म्हणून वहिनी तसं म्हणते. 'दृश्य'शी उच्चार जुळला एवढंच. लेकीने आईचं नाव ठेवलंय. फ्लेक्सवर 'थेआ' लिही, 'थिया' नको. आणि कानातही 'थेआ'च सांग. तिची आजी शेजारी उभी असेल, तिला ऐकू जाऊ दे.

नाशिककर_७
देवदत्ता! इंद्राग्निदत्तासारखंच घडलेलं नाव.

रानजाई
वहिनी उठली, विचारलं. हो, आईचंच नाव. सगळ्यांना रविवारी सांगणार होती. आमच्या आईला 'देवदत्ता' ऐकताक्षणी पटलं. 'थेआ, देवाची देणगी' असं छापायला देते. निघाले, सव्वासहा झालेत. खूप आभार!

देवयानी_प
बाळाला आशीर्वाद. थेओस आणि देवाचं मात्र मला अजून पटलेलं नाही. मोडीलिपी, वेगळा धागा काढते, तिथे या.