मेडिकल कोडिंग : मांडीच्या रक्तवाहिन्यांचं एस७५ कुठून शिकावं? (बजेट ₹४,०००)

परभणीची_सिस्टर
नमस्कार मंडळी. मी जीएनएम नर्स आहे, खासगी दवाखान्यात नाइट करते आणि घरीच सीपीसीची, म्हणजे पेशंटच्या नोंदींना आजार-उपचारांचे कोड लावणाऱ्यांच्या परीक्षेची, तयारी करायले. बाकी जमायलंय, पण एस७५, म्हणजे खुबा आणि मांडीच्या रक्तवाहिन्यांच्या इजा, तिथं गाडी अडते. मायनर कशाला म्हणायचं, मेजर कशाला, कोडच्या शेवटी ए लावू की डी, कोणता कोड आधी. सरावातला प्रश्न असा : बैलाचं शिंग उजव्या मांडीत घुसलं, फिमोरल धमनी पूर्ण तुटली. यासाठी पुस्तक किंवा क्लास सुचवा. चार हजारांच्या वर जमणार नाही.

उदगीरकर_०७
ताई, सरळ हैदराबादला या. अमीरपेटला राहून शिका. चार हजारांत काही होत नसतं. मी पंचवीस हजार भरले, पहिल्या वर्षातच वसूल झाले. आज टीम लीड आहे.

लातूरचा_पाव्हणा
हैदराबादच. घरी बसून होत नाही.

माजलगावकर
क्लासच्या नादी लागू नका. पुण्यात एका ठिकाणी नोकरीची हमी म्हणून माझ्या भावाकडून चाळीस हजार घेतले. बॅच संपली अन् फोन उचलायचे बंद झाले. पोरगं अजून घरी आहे.

उदगीरकर_०७
सगळे क्लास तसे नसतात दादा. पोरानं पण मेहनत घ्यायला पाहिजे.

माजलगावकर
माझ्या भावाची मेहनत तुम्ही बघितली का? कामून बोलायलेत मग?

गोदाकाठ
भांडण बाजूला ठेवा, ताईंनी प्रश्न विचारलाय. मी ट्रॉमाच्या चार्टवर काम करते.

ताई, आयसीडी-१०-सीएम, म्हणजे आजार-इजांच्या कोडचं अमेरिकी पुस्तक, अभ्यासापुरतं विकत घ्यायची गरज नाही. टॅब्युलर (कोडची यादी), इंडेक्स, गाइडलाइन्स, तिन्ही अमेरिकेच्या सीडीसी या सरकारी आरोग्य संस्थेच्या साइटवर फुकट आहेत. १ ऑक्टोबरला नवीन वर्षाचे कोड लागू होतात, तेवढं बघून उतरवा. पैसे लागतात ते सीपीटीच्या, म्हणजे उपचारांच्या कोडच्या, पुस्तकाला.

आता एस७५. चौथा आकडा रक्तवाहिनी सांगतो : ० फिमोरल धमनी, १ फिमोरल शीर, २ ग्रेटर सॅफेनस शीर, ८ इतर, ९ न सांगितलेली. पाचवा इजेचा प्रकार. पहिल्या तिन्हींत १ म्हणजे मायनर : अर्धवट कापलेली, वरवरची, किंवा डॉक्टरांनी नुसतं 'लॅसरेशन' लिहिलेलं. २ म्हणजे मेजर : पूर्ण तुटलेली किंवा माराने फुटलेली. रक्त किती गेलं यावरून मेजर ठरवायचं नाही, नोटमध्ये काय लिहिलंय ते बघायचं. सहावा बाजू : १ उजवी, २ डावी.

म्हणजे तुमचा कोड एस७५.०२१ए. सोबत उघड्या जखमेचा एस७१ मधला कोड हवाच, टॅब्युलरमध्ये तशी सूचनाच आहे. आणि इजा कशानं झाली त्याचा कोड वेगळा : बैलाचं शिंग डब्ल्यू५५.२२एक्सए मध्ये येतं. 'स्ट्रक बाय काऊ'च्या खालीच ते दिलंय.

बीडचे_काका
आयसीडी-११ तर १ जानेवारी २०२२ पासून लागू आहे. दहा शिकून काय फायदा? पैसे वाया.

गोदाकाठ
काका, ते जागतिक आरोग्य संघटनेचं. अमेरिकेचे विम्याचे क्लेम अजून १०-सीएम वरच जातात आणि आपल्या पोरांना काम तेच मिळतं.

लातूरचा_पाव्हणा
सीडीसीच्या साइटवर फुकट मिळतं सगळं. ते बघा.

परभणीची_सिस्टर
गोदाकाठ ताई, लई उपकार झाले. पेशंटला उपजिल्हा रुग्णालयातून घाटीच्या मोठ्या सरकारी दवाखान्यात पाठवलं असं धरा. तिथले डॉक्टर पहिल्यांदाच बघतात, पण इजा तर जुनी. तिथं ए की डी?

गोदाकाठ
ए. कितवी भेट आहे, डॉक्टर कोण आहे, याच्याशी ए चा संबंध नाही. उपचार चालू आहे तोवर ए. धमनी जोडून झाली, नंतर तपासणीला आला की डी. मागे राहिलेल्या त्रासासाठी आला तर एस, आणि तेव्हा त्रासाचा कोड आधी.

क्रमाचं असं : फीमर, म्हणजे मांडीचं हाड, मोडलंय आणि त्यात रक्तवाहिनीला थोडंसं लागलंय, तर हाडाचा एस७२ आधी. मुख्य इजाच रक्तवाहिनीची असेल तर एस७५ आधी. आणि पॉप्लिटियल धमनी गुडघ्यामागची, ती एस८५ मध्ये. पेपरात तिथंच पाडतात.

उदगीरकर_०७
हे सगळं आम्हाला अमीरपेटला पहिल्याच आठवड्यात शिकवलं होतं.

अंबाजोगाईची_वैदेही
माझ्याकडं गेल्या वर्षीचं सीपीटी पडून आहे, पोस्टाच्या खर्चात देते. परीक्षा कधी आहे ते सांगा. परीक्षेला त्या वर्षाचं पुस्तक असलेलं बरं, जुनं सरावाला.

परभणीची_सिस्टर
सगळ्यांचे आभार. हैदराबाद जमणार नाही, घरी सासूबाई आजारी आहेत. पण एकटीनं अभ्यासही होईना, ड्यूटीवरून आलं की डोळे मिटतात. म्हणून नांदेडला शनिवार-रविवारच्या बॅचला नाव घातलं. नऊ हजार, तीन हप्त्यांत. सकाळच्या गाडीनं जाऊन रात्री घरी.

माजलगावकर
ताई, सांगूनही क्लासच? निदान पावती घ्या, अन् हमीबिमी देत असतील तर लिहून घ्या.

परभणीची_सिस्टर
पावती घेतली दादा. हमी त्यांनी दिली नाही, मी मागितलीही नाही. वैदेही ताई, ते सीपीटी सरावाला हवंय, पत्ता खाजगीत पाठवते.