कँडेस हिलिगॉसला पुढे कामं का मिळाली नाहीत?

प्रश्न – जागरणवाला
काल रात्री ‘कार्निव्हल ऑफ सोल्स’ (१९६२) पाहिला. नायिका कँडेस हिलिगॉस अजून डोळ्यांसमोरून हलत नाही. शोधलं तर तिचे सिनेमे हाताच्या बोटांवर मोजण्याइतके. माझा भाऊ म्हणतो, “बाई दगडासारखी वावरते, काम कोण देणार?” मला पटत नाही, पण त्याला उत्तरही देता येत नाही. शेवट सांगितलात तरी चालेल.

प्रतिसाद – ध्वनिपट्टी
भावाला कपड्यांच्या दुकानातला प्रसंग पुन्हा दाखवा. मेरी, म्हणजे कँडेसची नायिका, ड्रेस बदलून बाहेर येते आणि सगळे आवाज बंद. ती विक्रेतीशी बोलतेय, पण ती बाई तिच्याकडे बघतही नाही. मी कारखान्यांसाठी सुरक्षा-प्रशिक्षणाच्या फिल्म करते, ध्वनीची बाजू माझी. आवाज काढून घेतला की कच्चा नट लगेच हातवारे वाढवतो. कँडेस तसं करत नाही. आधी गोंधळ, मग चीड, मग भीती, सगळं डोळ्यांत आणि मानेच्या ताणात.

दिग्दर्शक हर्क हार्वीही आमच्याच धंद्यातला! कॅन्ससमधल्या लॉरेन्सच्या सेंट्रॉन कंपनीत तो शैक्षणिक आणि औद्योगिक फिल्म करायचा. युटामधल्या ग्रेट सॉल्ट लेकच्या काठी सॉल्टएअर या जुन्या करमणुकीच्या ठिकाणाची ओस पडलेली इमारत दिसली आणि हा सिनेमा त्याला सुचला. खर्च सुमारे ३३,००० डॉलर. मेरीला सारखा दिसत राहणारा तो पांढऱ्या चेहऱ्याचा माणूस म्हणजे हार्वी स्वतः. कँडेस मात्र न्यूयॉर्कहून आलेली, रीतसर शिकलेली नटी.

आता ‘दगड’. मेरी चर्चमध्ये ऑर्गन वाजवते, पण तिच्या लेखी ती फक्त नोकरी. शेजारचा भाडेकरू लगट करतो, तेव्हाही तिच्यात ऊब नाही. कुठून असणार? सुरुवातीला गाडी पुलावरून नदीत कोसळते, तेव्हाच ती मेलेली आहे. कँडेसने जराही माया दाखवली असती तर शेवट खोटा पडला असता. आणि ऑर्गन वाजवता वाजवता भान हरपतं तो प्रसंग बघा, पेडलवर फिरणारी ती अनवाणी पावलं! दगड असं वाजवतो?

प्रतिसाद – तिसरी रांग
वितरक दिवाळखोरीत गेला, हार्वीने पुन्हा कथापट केला नाही. प्रतींवर कॉपीराइटची ओळ नसल्याने तो कोणीही फुकट दाखवू शकत होतं, म्हणून सिनेमा टीव्हीवर अपरात्री फिरत राहिला. थिएटरात परतला तो १९८९मध्ये. एवढ्या वर्षांनी झालेल्या कौतुकातून नटीला काम कसं मिळणार?
पण ‘द कर्स ऑफ द लिव्हिंग कॉर्प्स’ (१९६४) बघा. ‘जॉज’वाल्या रॉय शायडरचा पहिला सिनेमा. त्यात कँडेस मला चारचौघींसारखी वाटली. निम्मं श्रेय हार्वीला द्यावं लागेल.

प्रतिसाद – ध्वनिपट्टी
निम्मं नाही देणार. दुकानाच्या प्रसंगात हार्वीने आवाज काढून घेतला, हे खरं. उरलेलं सगळं तिने एकटीने पेललंय.

प्रतिसाद – जागरणवाला
भावाला दाखवला. म्हणाला, “मागे घे, ती ओरडते तिथून परत लाव.”